थायलंडमध्ये हत्ती बघायला जाताय? जागा निवडण्याआधी हे वाचा

पायवाट
थायलंडला जाणारी मराठी मंडळी आता खूप वाढली आहेत. व्हिसाची कटकट कमी झाली, मुंबईहून थेट विमानं आहेत, शाकाहारी जेवणाचीही सोय होते. आणि जवळपास प्रत्येक सहलीत 'हत्तींबरोबर अर्धा दिवस' असतोच. आम्ही डिसेंबरात चियांग माईला जाऊन आलो. हत्तींचं कोणतं केंद्र निवडायचं, यावर निघण्याआधी बरंच वाचून काढलं होतं. मराठीत याबद्दल फारसं हाती लागलं नाही, म्हणून हा धागा.

मुद्दा आधीच सांगून टाकते. ज्या केंद्रात पर्यटकाला हत्तीबरोबर करायला कमीत कमी असतं, ते केंद्र हत्तीसाठी बरं. पाठीवर बसणं नको, सोंडेने हार घालून घेणं नको, चित्रं काढणारा आणि फुटबॉल खेळणारा हत्ती नको, आणि नदीत आंघोळ घालणंही नको. हे शेवटचं अनेकांना पटत नाही, त्यावर पुढे लिहिते.

इतके हत्ती पर्यटनात आले कसे, हे माहीत असलेलं बरं. थायलंडमध्ये हत्ती पिढ्यान्‌पिढ्या जंगलातलं लाकूड ओढायचे. १९८८ च्या नोव्हेंबरात तिथे दक्षिणेत भयंकर पूर आला. उघड्याबोडक्या डोंगरांवरून चिखल आणि ओंडके गावांवर आले, शेकडो माणसं गेली. जानेवारी १९८९ मध्ये सरकारने जंगलतोडीवर बंदी घातली. बंदी योग्यच होती, पण हत्ती आणि माहूत दोघांचीही रोजीरोटी गेली. मोठ्या हत्तीला दिवसाला दीडशे किलोच्या आसपास चारा लागतो, तो आणायचा कुठून? काही माहूत हत्ती घेऊन बँकॉकच्या रस्त्यांवर भीक मागू लागले, बाकीचे पर्यटनाकडे वळले. कायद्याच्या लेखी तिथला पाळीव हत्ती हे ओझ्याचं जनावर आहे, १९३९ च्या कायद्यापासून.

'वर्ल्ड अ‍ॅनिमल प्रोटेक्शन' या संस्थेने २०१७ मध्ये आशियातल्या सहा देशांची पाहणी प्रसिद्ध केली. त्यात भारतही होता. पर्यटनातल्या जवळपास तीन हजार हत्तींपैकी तीन चतुर्थांशांहून अधिक हत्ती अत्यंत वाईट स्थितीत होते. सगळ्यात जास्त हत्ती अर्थातच थायलंडमध्ये.

हत्ती आपणहून माणसाला पाठीवर घेत नाही. पिल्लाला आईपासून तोडून लाकडाच्या पिंजऱ्यात जखडतात, उपाशी ठेवतात, टोचतात, मारतात. ते माणसाला पुरतं घाबरेपर्यंत हे चालतं. तिकडे याला फाजान म्हणतात. आपण ज्या हत्तीला 'किती शहाणा आहे' म्हणतो, त्याचा शहाणपणा बहुतेकदा इथून आलेला असतो. हे वाचल्यावर माझी झोप उडाली होती.

आम्ही गेलो ते एलिफंट नेचर पार्कला. चियांग माईच्या उत्तरेला मे तांगच्या खोऱ्यात, नदीकाठी आहे. साएंगदुआन चैलर्ट, ज्यांना सगळे 'लेक' म्हणतात, त्यांनी ते उभं केलं. लाकूडतोडीतून, सर्कशीतून, सवारीतून सुटलेले शंभराहून अधिक हत्ती तिथे आहेत. कित्येक आंधळे आहेत. सीमेवर भूसुरुंगावर पाय पडलेलेही आहेत. पूर्वी इथेही पर्यटक हत्तींना नदीत आंघोळ घालत. ते त्यांनी स्वतःहून बंद केलं. आता उंच लाकडी वाटेवरून आणि कडेकडेने वाटाड्याबरोबर फिरायचं, आणि हत्ती जे करतील ते बघायचं.

मला सगळ्यात भावलं ते तिथलं स्वयंपाकघर. शेडमध्ये कलिंगडं, भोपळे आणि केळीचे घड यांच्या राशी. हत्तीला आयुष्यात दाढांचे सहा संच येतात. शेवटचा संच झिजला की चारा चावता येत नाही आणि पोट भरलेलं दिसलं तरी जनावर खंगत जातं. अशा म्हाताऱ्या हत्तिणींसाठी दोन बायका भात आणि पिकली केळी कालवून मोठमोठे गोळे वळत होत्या. हाताने, एकेक, घाई न करता. प्रत्येकीची टोपली वेगळी. कुणाची साल काढायची, कुणाला भोपळा चालत नाही, हे त्यांना पाठ होतं. माझ्या सासूबाई तिथून हलायलाच तयार नव्हत्या.

जोकिया नावाच्या हत्तिणीची गोष्ट तिथे सांगतात. लाकूड ओढताना डोंगरावरच ती व्याली आणि पिल्लू उतारावरून घरंगळून गेलं. त्यानंतर तिने काम करायला नकार दिला, तेव्हा तिचे दोन्ही डोळे फोडले गेले. ती पार्कात आल्यावर मे पर्म नावाच्या दुसऱ्या हत्तिणीने तिला सांभाळलं. वर्षानुवर्षं जोकिया तिच्या अंगाला अंग लावून चालायची. मे पर्म २०१६ मध्ये गेली.

आता आंघोळीचं. दिवसाला चार-पाच गट येतात, प्रत्येक गटाबरोबर हत्तीने पाण्यात उतरायचं, आडवं व्हायचं, अनोळखी माणसांनी ब्रशने घासायचं. हत्तीला पाणी आवडतं हे खरं. पण कधी उतरायचं, किती वेळ डुंबायचं, वर येऊन अंगावर माती कधी उडवायची, हे त्याचं त्याने ठरवायला हवं. शिवाय अशा कार्यक्रमासाठी माहूत जवळ ठेवावा लागतो, आणि त्याच्या हातात किंवा खिशात टोचणी असते. जानेवारी २०२५ मध्ये दक्षिण थायलंडमधल्या एका बेटावर हत्तिणीला आंघोळ घालताना एका स्पॅनिश तरुणीचा जीव गेला. एवढा मोठा प्राणी घाबरला किंवा चिडला की पाण्यात उभ्या माणसाला पळायला वाव नसतो.

फलकावर 'सँक्च्युअरी' लिहिलंय म्हणून विश्वास ठेवू नका. तो शब्द कुणीही लावू शकतं. तुमचेही अनुभव लिहा.

निळीशाई
फार महत्त्वाचं लिहिलंत. आम्ही फेब्रुवारीत फुकेत-क्राबी करतोय, चियांग माई नाही. मुलगा सहा वर्षांचा आहे, त्याला हत्तीला केळं भरवायचंच आहे. नुसतं लांबून बघून त्याला कंटाळा येईल का? आणि खर्च साधारण किती?

पायवाट
निळीशाई, फुकेतला २०१६ मध्ये सुरू झालेलं फुकेत एलिफंट सँक्च्युअरी आहे, तिथेही सवारी आणि आंघोळ नाही. दर हंगामाप्रमाणे बदलतात, त्यामुळे त्यांच्याच संकेतस्थळावर बघा आणि तिथूनच जागा ठेवा. सवारीच्या कॅम्पपेक्षा महाग पडतं, आणि ते साहजिक आहे. तिथे एकच हत्ती दिवसभर कमावत नसतो.

मुलांच्या कंटाळ्याची काळजी करू नका. आमच्या लेकीने दोन हत्तिणींचं भांडण, एकीने दुसरीचं कलिंगड पळवणं आणि पाठीवर माती उडवणं तासभर बघितलं. मोकळा हत्ती सारखा काहीतरी करत असतो. दुर्बीण मात्र न्या. चियांग माईच्या पार्कात दुपारचं जेवण पूर्ण शाकाहारी असतं, हे आपल्या मंडळींसाठी सांगून ठेवते. तिथे सोडवून आणलेली शेकडो कुत्री-मांजरंही आहेत.

आगगाडी
लेख मनापासून आहे, पण एक बाजू राहतेय. माहुताने काय खायचं? हत्ती त्याच्या घरातला, कित्येकदा कर्ज काढून घेतलेला. आपण मुंबई-पुण्याहून जाऊन 'सवारी बंद करा' म्हणायचं आणि परत यायचं. पर्यटक आले नाहीत तर हत्ती आणि माहूत दोघेही उपाशी मरतील. करोनात तेच झालं ना?

पायवाट
तुमचा प्रश्न रास्त आहे, आणि हत्तीसाठी काम करणारी शहाणी माणसं तिथूनच सुरुवात करतात. २०२० मध्ये कॅम्प बंद पडल्यावर चियांग माई भागातले शंभराहून अधिक हत्ती माहुतांबरोबर डोंगर चढून मे चेमकडच्या कारेन या डोंगरी जमातीच्या गावांत चालत गेले, कारण कॅम्पात चारा उरला नव्हता. हत्ती रोजच्या तिकिटावर जगवला की एक हंगाम बुडाला तरी असं होतं.

पण बदल करता येतो. मे वांगमधलं चांगचिल हे केंद्र आधी सवारी आणि आंघोळीचा कॅम्प होता. तेच मालक, तेच माहूत. वर्ल्ड अ‍ॅनिमल प्रोटेक्शनच्या मदतीने त्यांनी २०१९ मध्ये फक्त बघण्याचं केंद्र सुरू केलं. माहुतांचा रोजगार गेला नाही, कामाचं स्वरूप बदललं. आपले पैसे अशा जागी गेले तर शेजारचा कॅम्पवालाही विचार करतो. त्यामुळे 'जाऊच नका' असं मी म्हणत नाहीये. जा, पण अशा ठिकाणी जा.

खूर_आणि_नख
मी पशुवैद्य आहे. वरिष्ठांच्या हाताखाली बंदिवासातल्या हत्तींच्या तपासणीला जाण्याची संधी मिळाली, त्या जोरावर लिहितो. केंद्रात गेल्यावर सोंडेकडे नाही, आधी पायांकडे बघा.

हत्ती बोटांवर चालतो आणि मागे चरबीची जाड गादी असते. ती गादी माती, वाळू, पालापाचोळा यांवर चालण्यासाठी बनलेली आहे. काँक्रीटवर, त्यातही स्वतःच्याच मुताशेणात तासन्‌तास उभं राहिलं की तळवा मऊ पडतो, भेगा जातात, नखाच्या मुळाशी गळू होतं. ते आत हाडापर्यंत गेलं की मग इलाज फार अवघड. बंदिवासातल्या हत्तींच्या मृत्यूमागे पायाचे आजार हे मोठं कारण आहे. रानात चालून चालून तळवा आणि नखं आपोआप झिजतात. बांधलेल्या हत्तीची कानशीने घासून काढावी लागतात, आठवड्यामागून आठवडे. नख चिरलेलं, वर वळलेलं किंवा त्याच्या कडेने ओल दिसली तर ओळखा. घोट्याभोवती केस नसलेला गुळगुळीत पट्टा दिसला तर तो साखळदंडाचा.

दुसरं, पाठ. हत्तीच्या कण्याची हाडं वरच्या बाजूला उंच निघालेली असतात. घोड्याला खोगिरासाठी कण्याच्या दोन्ही अंगांना मांस असतं, तसं इथे नाही. लोखंडी किंवा लाकडी हौदा बांधून तीन माणसं बसवली की सगळा भार त्या टोकांवर येतो. उतारवयातल्या सवारीच्या हत्तींची पाठ मध्ये खचलेली दिसते, ती यामुळे.

तिसरं, डोलणं. एका जागी उभं राहून डावीकडे-उजवीकडे डोकं हलवत राहणारा हत्ती गाण्यावर नाचत नसतो. बांधून ठेवल्याने, करायला काही नसल्याने लागलेली ती सवय असते. सोडवल्यावरही कित्येकांची वर्षानुवर्षं जात नाही. त्यामुळे चांगल्या केंद्रातही असा एखादा हत्ती दिसेल, तेव्हा तो कुठून आणि कधी आला ते विचारा.

आणि एक गैरसमज. कानांवर, सोंडेवर गुलाबी ठिपके असतात त्या जखमा नव्हेत. आशियाई हत्तीत तो रंग नैसर्गिक आहे. कानाला भोकं किंवा फाटलेल्या कडा मात्र अंकुशाच्या असू शकतात.

हात न लावण्याचं आणखी एक कारण आहे. क्षय माणसापासून हत्तीला आणि हत्तीपासून माणसाला होऊ शकतो. रोज शेकडो अनोळखी माणसं सोंडेशी आली तर धोका दोघांनाही.

पायवाट
सर, हा प्रतिसाद जपून ठेवण्यासारखा आहे. मनापासून आभार.

मांडवीतीर
गोव्यात फोंड्याकडच्या काही मसाल्याच्या बागांत आजही हत्ती उभे केलेले असतात. बाग बघा, जेवा, आणि वर पैसे देऊन हत्तीच्या सोंडेतून अंगावर पाणी उडवून घ्या. एका बागेत मी दुपारी गेलो तेव्हा हत्तीण सिमेंटच्या ओट्याशी बांधलेली होती आणि वर लिहिलेत तशीच डोलत होती. लोक व्हिडिओ काढत होते. मी तिकीट घेतलं नाही आणि व्यवस्थापकाला कारणही सांगितलं. बाग सुंदर होती, मिरी-जायफळ दाखवणारी मुलगी फार मन लावून सांगत होती. तेवढ्यावरही माणसं आली असती.

पंचगंगाकाठ
इथे माधुरीचा विषय कुणी काढला नाही याचं नवल वाटलं. मी शिरोळ तालुक्यातला. नांदणीच्या मठातली हत्तीण महादेवी, आमची माधुरी, जुलै २०२५ मध्ये गुजरातमधल्या वनतारा या प्राणी केंद्रात नेली. लेक सासरी निघावी तसं गाव रडलं. तिचे लाड केलेले आम्ही पाहिलेत. तुम्ही सगळे 'साखळी, साखळी' म्हणता, पण प्रेम करणाऱ्या माणसांत राहिलेला हत्ती आणि थायलंडच्या धंद्यातला हत्ती एकाच मापाने मोजू नका.

पायवाट
दादा, गावाच्या प्रेमाबद्दल माझ्या मनात शंका नाही. त्या दिवसांतले व्हिडिओ बघून मीही रडले. पण उच्च न्यायालयासमोर तिच्या पायांचे आणि नखांचे अहवाल होते. तिच्या चांगल्या आयुष्याचा हक्क धार्मिक वापराच्या वरचा आहे, असं न्यायालयाने धरलं आणि सर्वोच्च न्यायालयातही तो निर्णय टिकला. प्रेम आणि योग्य जागा या दोन्ही गोष्टी हत्तीला लागतात. तीन दशकं एकट्या राहिलेल्या हत्तिणीला दुसऱ्या हत्तिणींचा सहवास कसा मिळेल, मऊ जमीन कशी मिळेल, हे प्रश्न माणसांच्या प्रेमाने सुटत नाहीत.

तुमच्याच जिल्ह्यातला जोतिबाचा सुंदर हत्ती आठवतो का? २०१४ मध्ये न्यायालयाच्या आदेशाने तो बंगळुरूजवळच्या बन्नेरघट्ट्याला गेला, तेव्हाही खूप विरोध झाला होता. तिथे त्याला इतर हत्तींची संगत मिळाली.

पंचगंगाकाठ
सुंदरच्या अंगावर जखमा होत्या, ते प्रकरण वेगळं. पण मऊ जमीन आणि सोबत, हे मान्य. आमचं म्हणणं इतकंच की उपचार कोल्हापुरातच व्हावेत, म्हणजे लोकांना तिला लांबून का होईना बघता येईल. नांदणी परिसरात तसं केंद्र करण्याची बोलणी झाली आहेत. ते झालं तर तुमच्या लेखातली प्रत्येक अट तिथे पाळली जावी म्हणून आम्हीच पुढे उभे राहू.

पायवाट
तसं झालं तर मी सहकुटुंब येईन. खरंच.

प्राणहिता
गडचिरोलीचं कुणीच बोलेना म्हणून लिहितो. अहेरी तालुक्यात कमलापूरला वनखात्याचा हत्ती कॅम्प आहे. पूर्वी हे हत्ती लाकूड ओढायचे. आता ते काम नाही. दिवसा तलावाजवळ दिसतात, मग जंगलात चरायला सोडतात आणि सकाळी माहूत व चाराकटर माग काढत जाऊन त्यांना घेऊन येतात. पायात लांब साखळी असते हे खरं, तिचा माग जमिनीवर उमटतो.

थंडीत इथे चोपिंग असतं. जंगलातली औषधी मुळं-साली उकळून, त्या गरम काढ्याने हत्तींचे पाय शेकतात, तळव्यांना चोपडतात. डॉक्टरांनी वर लिहिलेल्या भेगांवर हाच जुना इलाज. त्या दिवसांत हत्तींना पूर्ण आराम आणि पर्यटकांना कॅम्प बंद. लांबून येणारे लोक चिडतात, पण यायच्या आधी वनविभागाच्या कार्यालयात फोन करावा. २०२२ मध्ये हे हत्ती गुजरातला न्यायचं ठरत होतं, तेव्हा इथल्या लोकांनी जोरात विरोध केला आणि आमचे हत्ती राहिले. पण राहिले म्हणजे झालं असं नाही. डॉक्टर, चारा, माहुतांची पदं, सगळ्याची ओढाताण आहे. पर्यटकांनी येऊन हेही विचारावं.

वाटसरू
श्रीलंकेला जाणाऱ्यांसाठी. उडावलावे राष्ट्रीय उद्यानाला लागून वन्यजीव खात्याचं हत्तींचं संक्रमण केंद्र आहे, १९९५ पासून. आई गेलेली किंवा कळपातून चुकलेली पिल्लं तिथे वाढवतात. ठरलेल्या वेळी दूध पाजतात, तेव्हा कठड्यामागच्या मचाणावरून बघता येतं. पिल्लं धावत येतात, नळीने दूध पितात आणि लगेच झाडीत परत जातात. कार्यक्रम काही मिनिटांत आटोपतो. काही लोक 'एवढंच?' म्हणून कुरकुरत होते.

पण पुढचं ऐका. ही पिल्लं पाचेक वर्षांची झाली की जंगलात सोडतात, आणि अशी शंभराहून जास्त सोडून झाली आहेत. माणसाची सवय लागू नये म्हणूनच आपल्याला लांब ठेवतात. दुसऱ्या दिवशी जीपमधून उद्यानात गेलो तर पाणथळीवर रानातला कळप होता. त्यातली एखादी इथूनच गेलेली असेल, असं चालकाने सांगितलं.

यमुनातीर
दिल्ली-आग्रा करणाऱ्यांनी मथुरा जिल्ह्यातलं चुरमुरा लक्षात ठेवा. वाइल्डलाइफ एसओएस या संस्थेचं हत्ती केंद्र तिथे २०१० पासून आहे आणि २०१८ मध्ये हत्तींचं रुग्णालयही सुरू झालं. आधी वेळ घेऊनच जावं लागतं. लग्नाच्या वरातीत, भीक मागण्यात, सर्कशीत आयुष्य गेलेले हत्ती आहेत. पन्नास वर्षं साखळीत असलेला राजू २०१४ मध्ये सोडवून इथेच आणला होता. आणि जयपूरला गेलात तर आमेरचा किल्ला हत्तीवरून नको, पायी चढा किंवा जीपने जा. चढ काही फार नाही, माझ्या सत्तरीतल्या वडिलांनी हळूहळू चढला.

निळीशाई
सगळं वाचून मी आमच्या सहल कंपनीने सुचवलेल्या कॅम्पला मेल केला. चार प्रश्न विचारले: हत्ती रात्री कुठे आणि कसे बांधता, दिवसात किती गट पाण्यात उतरतात, पिल्लं कुठून आली, आणि आम्हाला हात न लावता नुसतं बघायचं असेल तर चालेल का. उत्तरात फक्त फोटो आणि सवलतीचा दर आला. रद्द केलं. पायवाटताईंनी सांगितलेल्या ठिकाणी सकाळची वेळ मिळाली आहे. मुलाला जोकिया आणि मे पर्मची गोष्ट सांगितली, आता तो केळ्याचं नाव काढत नाही, 'आंधळी हत्तीण भेटेल का' विचारतो.

सह्यवारा
आम्ही चियांग माईचाच विचार करतोय. मार्चच्या शाळेच्या सुट्टीत जाऊ का? आई बरोबर आहे, तिला दमा आहे.

पायवाट
सह्यवारा, मार्च नको. फेब्रुवारीच्या शेवटापासून एप्रिलपर्यंत उत्तर थायलंडमध्ये शेतं आणि जंगलं जळत असतात, हवा फार वाईट होते. दम्याच्या माणसाला नेऊच नका. पावसाळ्यात नदीला पूर येतो. ऑक्टोबर २०२४ मध्ये पार्कातच पाणी शिरून दोन हत्ती वाहून गेले होते. नोव्हेंबर ते जानेवारी उत्तम. दिवाळीच्या सुट्टीत जमत असेल तर महिना-दीड महिना आधी जागा ठेवा, सकाळच्या गाड्या लवकर भरतात. आईंसाठी अर्ध्या दिवसाचा फेरा निवडा, चालणं कमी पडतं.